संपादकानं गाळलेलं वाक्य

मार्च २००३ मध्ये आमच्या घरात सकाळ-संध्याकाळ फक्त बगदाद होतं. २० तारखेला अमेरिकेनं इराकवर हल्ला सुरू केला आणि अब्बांनी बीबीसी उर्दूसाठी रेडिओ जो लावला, तो काही केल्या बंद होईना. २३ मार्चला भारत-ऑस्ट्रेलिया वर्ल्डकपची फायनल होती. तीही त्यांनी टीव्हीचा आवाज बंद ठेवून आणि रेडिओ कानाशी धरून पाहिली. त्याच दिवशी, म्हणजे आपल्याकडच्या सोमवारच्या सकाळी, लॉस एंजेलिसला ऑस्करचा सोहळा झाला. मायकल मूर नावाचा माहितीपटकार स्टेजवर जाऊन राष्ट्राध्यक्ष बुश यांच्या विरोधात बोलला आणि सभागृहातून त्याची हुर्यो उडवली गेली. ती बातमी मला आठवते. त्याच सोहळ्यात ‘स्पिरिटेड अवे’ या जपानी सिनेमाला ॲनिमेशनचं ऑस्कर मिळालं आणि दिग्दर्शक हायाओ मियाझाकी ते घ्यायला आलेले नव्हते, हे मात्र मला खूप उशिरा कळलं.

ते का आले नाहीत? तेव्हा मियाझाकींनी एक छोटं निवेदन दिलं होतं. जगात सध्या फार दुर्दैवी गोष्टी घडत आहेत, त्यामुळे या पुरस्काराचा मोकळेपणानं आनंद मानता येत नाही, अशा अर्थाचं. कोणी केलं, कुठं केलं, काही नाही. पुढं २००९ मध्ये ते अमेरिकेत गेले असताना ‘लॉस एंजेलिस टाइम्स’शी बोलताना त्यांनी खरं कारण सांगून टाकलं. इराकवर बॉम्ब टाकणाऱ्या देशात मला पाय ठेवायचा नव्हता, असं ते म्हणाले. हे तेव्हाच का नाही सांगितलं? तर माझ्या निर्मात्यानं मला गप्प बसवलं होतं. आज तो आसपास दिसत नाही म्हणून बोलतोय. आणि जाता जाता त्यांनी असंही जोडलं की, त्या निर्मात्याच्याही मनात तेच होतं.

हा शेवटचा भाग वाचून मी थांबलो. मनात तेच असलेला माणूस दुसऱ्याला गप्प का करतो?

मी स्वतः काही वर्षं एका साप्ताहिकाच्या डेस्कवर काढली आहेत. एका दंगलीवरच्या लेखातलं शेवटचं वाक्य मी गाळलं होतं. ते वाक्य मला पटत होतं, तरी गाळलं. ज्येष्ठ लेखकानं नंतर कधी त्याबद्दल विचारलं नाही आणि तेच आजही जास्त बोचतं. त्यामुळे मियाझाकींपेक्षा मला त्या निर्मात्याबद्दल कुतूहल वाटलं. त्याचं नाव तोशिओ सुझुकी. शोधत गेलो तेव्हा कळलं की हा गडी मुळात सिनेमावाला नाहीच. तो पत्रकार होता, संपादक होता. माझं मत विचाराल तर शेवटपर्यंत संपादकच राहिला.

सुझुकींचा जन्म १९४८ चा, नागोयाचा. टोकियोच्या केइओ विद्यापीठात साहित्य शिकले. जपानमध्ये ते विद्यार्थी आंदोलनांचे दिवस होते. १९७२ मध्ये ते तोकुमा शोतेन या प्रकाशन संस्थेत लागले आणि त्यांची नेमणूक झाली ‘असाही गेइनो’ नावाच्या साप्ताहिकात. नावात असाही असलं तरी त्या प्रसिद्ध दैनिकाशी याचा संबंध नाही. गुन्हेगारी टोळ्या, नटनट्यांची लफडी, रात्रीचं शहर, असा त्याचा मसाला. आपल्याकडं स्टेशनवर दोरीला लटकलेली असायची तशी साप्ताहिकं डोळ्यांपुढे आणा. पण अशा ठिकाणी एक गोष्ट पक्की शिकायला मिळते. जो माणूस तुमच्याशी बोलायला तयार नाही, त्याला बोलतं कसं करायचं.

१९७८ मध्ये तोकुमानं ॲनिमेशनला वाहिलेलं मासिक काढायचं ठरवलं. ‘यामातो’ या अंतराळ-युद्धाच्या मालिकेनं तेव्हा जपानी पोरांना वेड लावलं होतं, त्या लाटेवर स्वार व्हायचं होतं. मासिकाचं नाव ‘ॲनिमेज’. कल्पना संपादक हिदेओ ओगाता यांची. अंक बाहेरच्या लोकांकडून तयार करून घ्यायचा, असा बेत होता. तो फसला आणि छपाईची तारीख तोंडावर आलेली असताना ते ओझं सुझुकींच्या गळ्यात पडलं. त्यांना ॲनिमेशनचं ओ की ठो कळत नव्हतं. त्यांनी काय केलं, तर ॲनिमेशनचं वेड असलेल्या शाळकरी मुलींना गाठलं आणि त्यांनाच विचारलं, बायांनो, चांगलं काय आहे ते सांगा. मुलींनी दहा वर्षांपूर्वीच्या एका सिनेमाचं नाव घेतलं. ‘होरुस’, १९६८. इसाओ ताकाहाता या दिग्दर्शकाचा पहिला सिनेमा, ठरलेल्या मुदतीच्या कितीतरी पुढं रेंगाळलेला आणि थिएटरांत न चाललेला.

सुझुकींनी ताकाहातांना फोन लावला. हा किस्सा त्यांनी स्वतः अनेकदा सांगितला आहे. ताकाहातांनी आपण या सिनेमाबद्दल का बोलणार नाही, हे तासभर समजावून सांगितलं. एक तास! नकारासाठी. मग म्हणाले, शेजारी माझा सहकारी बसलाय, त्याचं मत वेगळं असू शकतं. फोन मियाझाकींच्या हातात गेला. ते म्हणाले, मी बोलायला तयार आहे, पण १६ पानं द्या. त्यापेक्षा कमी जागेत हे सांगता येणार नाही. सुझुकींकडं तेवढी पानं नव्हती. पहिल्या अंकात दोघंही आले नाहीत. पण फोन ठेवल्यावर त्यांना हा सिनेमा बघावासा वाटला आणि बघितल्यावर या दोन विक्षिप्त माणसांना सोडायचं नाही, असं त्यांनी ठरवलं.

वर्षभरानं मियाझाकी ‘कॅग्लिओस्त्रो’ हा त्यांचा पहिला सिनेमा करत होते. सुझुकी एका सहकाऱ्याला घेऊन तिथं पोचले. मियाझाकी बोलेनात. तुमच्यासारखी मासिकं पोरांच्या वेडावर पैसा करतात, असा त्यांचा राग. दोघांनी शेजारी खुर्च्या टाकल्या आणि बसून राहिले. मियाझाकी पहाटेपर्यंत चित्रं काढत, हे पहाटेपर्यंत बसत. पुन्हा दुसऱ्या दिवशी तेच. काही दिवसांनी मियाझाकींनी मान वर केली आणि एक प्रश्न विचारला. समोर गाड्यांच्या पाठलागाचं दृश्य होतं. मागून येऊन पुढच्याला एकदम मागं टाकतात, त्याला काही खास शब्द आहे का? सुझुकींच्या सहकाऱ्याला सायकल-शर्यतींवर पैसे लावायचा नाद होता. त्यानं शर्यतीतला शब्द चटकन सांगितला. त्या एका शब्दानं दार उघडलं.

इथून पुढच्या चाळीस वर्षांचं नातं सुझुकींनी ज्या रीतीनं जोपासलं, ती रीत मला त्यांच्या सगळ्या धंदेवाईक यशापेक्षा मोठी वाटते. हे दोघं जे बोलत ते सुझुकी टिपून घेत, मग मध्यरात्री कुठल्यातरी हॉटेलात बसून पुन्हा नीट लिहून काढत. त्यांच्या बोलण्यात ज्या पुस्तकांची नावं येत, ती जाऊन वाचत. कशासाठी? तर नीट हुंकार भरता यावा म्हणून. हे त्यांचंच म्हणणं आहे. आमच्या दादीला गोष्ट सांगताना कुणीतरी ‘हूं’ म्हणणारं लागायचं. ‘हूं’ चुकीच्या जागी पडला की ती गोष्ट थांबवून विचारायची, झोपलास का? चांगला संपादक म्हणजे योग्य जागी पडणारा ‘हूं’. लिहिणाऱ्याला कळतं की समोरचा जागा आहे.

‘ॲनिमेज’मध्ये बसून सुझुकींनी मियाझाकींच्या सिनेमाचा प्रस्ताव वर पाठवला. तो फेटाळला गेला, कारण आधी गाजलेली चित्रकथा नसेल तर सिनेमाला पैसा कोण लावणार? मग चित्रकथाच काढू, असं या मंडळींनी ठरवलं. फेब्रुवारी १९८२ च्या अंकापासून ‘ॲनिमेज’मध्ये ‘नाउसिका’ सुरू झाली. वाचक जमले आणि दोन वर्षांत सिनेमा उभा राहिला.

मियाझाकींची अट एकच होती, निर्माता ताकाहाताच हवेत. ताकाहातांनी पुन्हा विचार केला. यावेळी तासाचा फोन नव्हता. आख्खी वही भरली. निर्माता म्हणजे काय, किती प्रकारचे असतात, आणि शेवटच्या पानावर निष्कर्ष, मी त्यासाठी योग्य नाही. सुझुकींनी हे मियाझाकींना कळवलं तेव्हा मियाझाकी त्यांना दारू प्यायला घेऊन गेले आणि रडायला लागले. मी माझ्या तरुणपणाची पंधरा वर्षं या माणसाला दिली, त्यानं मला काही परत दिलं नाही. सुझुकी तिथून उठले, ताकाहातांकडं गेले आणि आयुष्यात पहिल्यांदा त्यांच्यावर ओरडले. तुमचा दोस्त अडचणीत आहे आणि तुम्ही मदत करणार नाही? ताकाहाता तयार झाले. ११ मार्च १९८४ ला ‘नाउसिका’ झळकला. तोवर सुझुकी एका मासिकाचे पगारी नोकर होते.

‘नाउसिका’चा पैसा आला आणि मियाझाकींनी त्यातून ताकाहातांना एक माहितीपट करायला दिला. यानागावा गावच्या कालव्यांवरचा. ताकाहाता कालव्यांत असे रमले की पैसा संपला आणि माहितीपट काही संपेना. आता घर गहाण टाकायचं का, अशी वेळ आली, तेव्हा उपाय निघाला की आणखी एक सिनेमा करावा. तो ‘लापुता’. तो करायला जागा हवी, म्हणून १९८५ मध्ये स्टुडिओ निघाला. जगातला सर्वांत नावाजलेला ॲनिमेशन स्टुडिओ कालव्यांवरच्या माहितीपटाची भरपाई करायला निघाला, हे मला फार आवडतं.

स्टुडिओचं नाव जिबली. दुसऱ्या महायुद्धाच्या काळातल्या एका इटालियन विमानाचं ते नाव, विमानवेड्या मियाझाकींनी उचललेलं. विमानाला ते मिळालं लिबियाच्या वाळवंटातल्या गरम वाऱ्यावरून आणि वाऱ्याला तिथल्या अरबीवरून. मूळ शब्द ‘किबली’, म्हणजे किब्ल्याच्या दिशेनं येणारा. इटालियन उच्चार ‘गिबली’, जपान्यांनी केलं ‘जिबुरी’. नमाजाची दिशा दाखवणारा शब्द कुठून कुठं गेला बघा. असो.

१९८८ चा प्रसंग मात्र तपशिलात सांगायला हवा, कारण संपादकाचं डोकं तिथं दिसतं. मियाझाकींचा ‘तोतोरो’ कुणालाच नको होता. युद्धानंतरच्या जपानी खेड्यात एक केसाळ भूत, कोण बघणार? तेव्हा दोन सिनेमे जोडून देऊ, अशी कल्पना निघाली. दुसरा ताकाहातांचा, युद्धात होरपळून भुकेनं मरणाऱ्या भावा-बहिणीचा, ‘ग्रेव्ह ऑफ द फायरफ्लाइज’. मालक मंडळी आणखीच भडकली. आधी भूत, आता थडगं? तेव्हा सुझुकींनी ‘फायरफ्लाइज’ची मूळ कथा छापणाऱ्या शिंचोशा या प्रतिष्ठित प्रकाशन संस्थेला गळ घातली. त्या संस्थेनं आजवर सिनेमा केलेला नव्हता. एक थडगं साहित्यवाल्यांचं, एक भूत मासिकवाल्यांचं, अशी विभागणी झाली आणि दोन्ही सिनेमे एका तिकिटात लागले.

त्यातही गंमत आहे. ‘तोतोरो’ छोटा सिनेमा असणार होता. ताकाहातांचा लांबत चाललाय हे कळल्यावर मियाझाकींना चैन पडेना. माझाही लांबवायचा, पण कसा? एका मुलीच्या दोन बहिणी केल्या. आजही ‘तोतोरो’च्या पोस्टरवर बसथांब्याशी एकच मुलगी उभी आहे, सिनेमात नसलेली. तोतोरोला पहिल्या दृश्यापासून नाचवायचा मियाझाकींचा बेत होता. सुझुकी म्हणाले, असली पाहुणी मंडळी मध्यावर येतात. मियाझाकींनी ऐकलं. ‘फायरफ्लाइज’ मात्र १६ एप्रिल १९८८ ला लागला तेव्हाही पूर्ण झालेला नव्हता. काही दृश्यं रंग न भरताच दाखवावी लागली.

हा सिनेमा मी नेटफ्लिक्सवर मुलीबरोबर पाहिला. ती बारा वर्षांची. मध्येच तिनं विचारलं, याला कुणीच का मदत करत नाही? मला उत्तर देता आलं नाही.

दोन्ही सिनेमे थिएटरांत फारसे चालले नाहीत. दोन वर्षांनी तोतोरोची कापडी बाहुली बाजारात आली आणि तिनं स्टुडिओ तारला. दरम्यान सुझुकींना पितरणाऱ्यांपैकी एकानं, तोएइ कंपनीच्या वितरणातल्या माणसानं, ‘किकी’च्या वेळी तोंडावर सांगितलं की, मियाझाकी आता संपले. आकडे खरोखर उतरत होते. ‘नाउसिका’ला ९ लाखांवर प्रेक्षक, ‘लापुता’ला ८ लाखांच्या आत. सुझुकी तडक निप्पॉन टीव्हीकडं गेले आणि त्यांना भागीदार करून घेतलं. १९८९ च्या ‘किकी’ला २६ लाख लोक आले. त्या वर्षीचा तो सर्वाधिक चाललेला जपानी सिनेमा. त्याच वर्षी सुझुकींनी ‘ॲनिमेज’ सोडलं आणि ते पूर्णवेळ जिबलीत आले. तोवर दिवसा मासिक आणि रात्री सिनेमा, असा त्यांचा दुहेरी संसार होता.

नव्वदच्या दशकातली सुझुकींची कारकीर्द मी भराभर सांगतो, कारण ती यशाची आहे आणि यशाच्या गोष्टी सगळीकडं सारख्याच असतात. एवढं सांगायलाच हवं की १९९७ च्या ‘मोनोनोके’चं नाव मियाझाकींना वेगळं हवं होतं. नायकाच्या नावाची आख्यायिका, असं काहीतरी. सुझुकींना ते मिळमिळीत वाटलं. त्यांनी न विचारता टीव्हीवरच्या पहिल्या जाहिरातीत ‘मोनोनोके हिमे’ हे नाव देऊन टाकलं. मियाझाकी येऊन विचारते झाले, तेच नाव दिलंस? हो म्हणाले. विषय संपला. मथळा संपादक लावतो, लेखक नाही, हा जगभरच्या वृत्तपत्रांचा नियम त्यांनी सिनेमाला लावला. सिनेमानं १,९३० कोटी येन कमावले आणि जपानमधले आधीचे सगळे विक्रम मोडले. वर्षअखेरीस ‘टायटॅनिक’ आला म्हणून, नाहीतर तो बराच काळ वर राहिला असता.

अमेरिकेत हा सिनेमा दाखवायचा हक्क डिस्नेच्या मिरामॅक्सकडं होता आणि त्याचे प्रमुख हार्वी वाइनस्टीन सिनेमे कापण्यासाठी प्रसिद्ध होते. ‘नाउसिका’ची अमेरिकेत आधीच कत्तल झालेली होती. वीसेक मिनिटं कापून आणि नाव बदलून तो तिथं बालपट म्हणून विकला गेला होता. तेव्हा सुझुकी न्यूयॉर्कला जाताना एक सामुराई तलवार घेऊन गेले आणि भरबैठकीत वाइनस्टीनना भेट दिली. संदेश एवढाच, कापायचं नाही. ही गोष्ट पुढं मियाझाकींच्या नावावर फिरू लागली. २००५ मध्ये ‘गार्डियन’नं विचारलं तेव्हा त्यांनी हसत सांगितलं, ते माझ्या निर्मात्यानं केलं.

तर एका मिनिटाच्या कापाकापीसाठी तलवार काढणारा हा माणूस. त्यानंच चार वर्षांनी स्वतःच्या दिग्दर्शकाचं वाक्य कापलं.

‘स्पिरिटेड अवे’ घडवण्यात सुझुकींचा हात किती होता, ते आधी बघा. त्याआधी मियाझाकी एका वीस वर्षांच्या तरुणीवर सिनेमा करायच्या तयारीत होते. भिंतीवर चित्रं लागली होती. सुझुकी एक ताजा, तरुणांमध्ये गाजणारा सिनेमा बघून आले आणि त्यांना प्रश्न पडला की साठीकडं झुकलेल्या मियाझाकींना आजच्या तरुणांचं मन मांडता येईल का. ते मियाझाकींच्या खोलीत गेले आणि आपल्या सिनेमाबद्दल बोलायचं सोडून त्या दुसऱ्याच सिनेमाबद्दल बोलत राहिले. मियाझाकी ऐकत होते. मग उठले, भिंतीवरची चित्रं एकेक करून काढली आणि कचऱ्याच्या डब्यात टाकली. हे जमणार नाही, असंच ना? त्याच बैठकीत दहा वर्षांच्या मुलीच्या सिनेमाची गोष्ट निघाली. सुझुकींनी ‘नको’ हा शब्द उच्चारलाही नव्हता. इतक्या वर्षांच्या हुंकारानंतर मियाझाकींना त्यांची चुप्पीही वाचता येत होती.

सिनेमा २००१ च्या जुलैत लागला. ३,०४० कोटी येन. जपानमधला हा विक्रम जवळपास वीस वर्षं टिकला. २००२ मध्ये बर्लिनचा गोल्डन बेअर आणि मग तो मार्च.

सुझुकींच्या बाजूनं विचार करून पाहतो. सिनेमा अमेरिकेत डिस्नेच्या हातात होता आणि ऑस्करनंतर तो पुन्हा जास्त पडद्यांवर लागणार होता. मायकल मूरचं काय झालं हे सगळ्यांनी पाहिलं होतं, आणि तो तर अमेरिकनच होता. जपानचं सरकार त्या युद्धात अमेरिकेच्या पाठीशी होतं. स्टुडिओत तरुण चित्रकारांची फौज, त्यांचे पगार. मियाझाकींनी एक वाक्य बोलून मोकळं व्हायचं आणि त्याची किंमत इतरांनी मोजायची, हे निर्मात्याला कसं चालावं? हा सगळा युक्तिवाद मला कळतो. मीही तो केला आहे, माझ्या डेस्कवर, जवळपास याच शब्दांत.

आणि तरीही. त्या आठवड्यात आमच्या घरात रेडिओशी बसलेल्या माणसाला जगाच्या पाठीवर कुणीतरी सांगायला हवं होतं की, हे आम्हाला मान्य नाही. एका जपानी म्हाताऱ्यानं ते सांगायचं ठरवलं होतं, पण ते सहा वर्षं उशिरा पोचलं. अब्बा तोवर गेलेले होते. एखादं वाक्य योग्य वेळी छापायचं नाही असं जेव्हा संपादक ठरवतो, तेव्हा वेळ कुणाची असते, हा प्रश्न मला सुझुकींना विचारायला आवडला असता.

सुझुकींच्या खात्यात आणखीही काही लिहायला हवं. ताकाहातांबरोबर काम करताना माणसं मोडून पडत, हे त्यांनी स्वतः पुढं लिहून ठेवलं आहे. योशिफुमी कोंडो हा जिबलीचा वारसदार मानला जाणारा चित्रकार. त्यानं १९९५ मध्ये स्वतःचा एक सुंदर सिनेमा केला आणि जानेवारी १९९८ मध्ये, अवघ्या ४७ व्या वर्षी तो गेला. सुझुकींच्या लिखाणात याबद्दलची खंत आहे. पण या दोन प्रतिभावंतांना हवा तेवढा वेळ, हवी तेवढी माणसं मिळवून देणारा पुरवठादार कोण होता? ताकाहातांच्या शेवटच्या ‘कागुया’ला आठ वर्षं लागली आणि सुमारे ५०० कोटी येन. पैसा भरून निघाला नाही. सिनेमा अप्रतिम आहे. दोन्ही वाक्यं खरी आहेत. २००६ मध्ये सुझुकींनी मियाझाकींच्या मुलाला, ज्यानं तोवर बागा आणि जिबलीचं संग्रहालय सांभाळलं होतं, बापाच्या विरोधाला न जुमानता दिग्दर्शक केलं. ‘अर्थसी’ धड झाला नाही आणि मूळ लेखिका उर्सुला ले ग्विन नाराज झाल्या. हाही निर्णय सुझुकींचाच.

मग येतं २०१३. शिंजो आबे यांच्या सरकारनं राज्यघटना बदलायची भाषा सुरू केली होती. युद्ध कायमचं त्यागणारं नववं कलम त्यात धोक्यात होतं. यावेळी पहिल्यांदा बोलले ते सुझुकी. मियाझाकी नाही, ताकाहाता नाही. त्यांनी एका दैनिकाला मुलाखत देऊन सांगितलं की, या कलमाचा आपण जगभर प्रचार करायला हवा. मुलाखत छापून आली आणि मियाझाकींना काळजी वाटू लागली. हा एकटाच बोलला तर कुणीतरी याला आगगाडीत भोसकेल. तेव्हा तिघांनीही बोलू.

जिबलीचं एक छोटं मासिक आहे, ‘नेप्पू’. शब्दाचा अर्थ गरम वारा, म्हणजे पुन्हा ‘किबली’च. जुलै २०१३ चा अंक घटनेवर काढला. त्यात तिघांचे लेख. मियाझाकींनी तर घटनाबदलाला विरोध करून न थांबता युद्धकाळात जपानी सैन्यानं ज्या स्त्रियांचं शोषण केलं, त्यांची नीट माफी मागून भरपाई द्यायला हवी, असंही लिहिलं. अंक संपत आला तेव्हा वरिष्ठ सभागृहाची निवडणूक तोंडावर होती. जिबलीनं तो इंटरनेटवर फुकट टाकला. आणि त्याच आठवड्यात, २० जुलैला, मियाझाकींचा नवा सिनेमा ‘द विंड रायझेस’ लागणार होता. म्हणजे दहा वर्षांपूर्वी जे कारण देऊन वाक्य गाळलं, तेच सगळं इथं होतं. प्रदर्शनाची तारीख, गुंतलेला पैसा, तापलेलं वातावरण. उजव्यांनी मियाझाकींना देशद्रोही ठरवलं. सिनेमा त्या वर्षी जपानमध्ये सगळ्यांत जास्त चालला.

दहा वर्षांत काय बदललं? मला वाटतं, २००३ मध्ये सुझुकी दुसऱ्याच्या वाक्यावर निर्णय देत होते. २०१३ मध्ये वाक्य त्यांचं स्वतःचं होतं आणि ते त्यांना गाळता आलं नाही. हा माझा अंदाज. त्यांनी असं कुठं म्हटल्याचं मी वाचलेलं नाही.

ताकाहाता ५ एप्रिल २०१८ ला गेले. मियाझाकींनी निवृत्ती मोडून आणखी एक सिनेमा हाती घेतला आणि जाहिरातींनी देश दणाणून सोडणाऱ्या सुझुकींनी यावेळी जाहिरातच केली नाही. ट्रेलर नाही, कथा नाही, नटांची नावं नाहीत. फक्त एक पोस्टर, त्यावर एका बगळ्याचं तोंड. १४ जुलै २०२३ ला सिनेमा लागला, तेव्हा आत काय आहे हे कुणालाच माहीत नव्हतं. बाहेरच्या जगात त्याचं नाव ‘द बॉय अँड द हेरॉन’. आपल्याकडंही तो २०२४ च्या मे महिन्यात थिएटरांत आला, मी बघितला.

सुझुकींनी नंतर सांगितलं की, यातला मुलगा म्हणजे मियाझाकी, उंच मनोऱ्यात बसून जग रचणारा म्हातारा म्हणजे ताकाहाता आणि तो राखाडी बगळा म्हणजे मी. बगळा सिनेमाभर थापा मारतो. मुलाला नको तिथं ओढून नेतो, वाटेत त्याच्याशी भांडतो, एकदा त्याच्या चोचीला भोक पडतं आणि ते त्या मुलालाच बुजवावं लागतं. म्हाताऱ्याचं जग कोसळतं तेव्हाही तो मुलाच्या बरोबर असतो.

मार्च २०२४ मध्ये त्या सिनेमाला ऑस्कर मिळालं. यावेळीही मियाझाकी गेले नव्हते. सुझुकीही गेले नव्हते. पुरस्कार जाहीर करणाऱ्यांनीच तो त्यांच्या वतीनं ठेवून घेतला. पत्रकार टोकियोत जमले होते. त्यांच्या समोर सुझुकी बसले होते.